हॅटीखालचा माणूस

अल्डर कॅनियन, कॅलिफोर्निया
९ जून १९१२

एबेन,

अकरा वर्षांत पहिलं पत्र लिहितोय, तेव्हा आधी एवढं सांगतो की मी जिवंत आहे. तसं हे रोज खरं नसतं. मंगळवारी मला गोळी घातली, बुधवारी झाडाला लटकवलं, आणि शुक्रवारी मी घोड्यासकट ओढ्यात पडून मेलो. सध्या माझं पोट मरण्यावर चालतं. इथे एक कंपनी पडद्यावरची एका रिळाची हलती चित्रं काढते. गुरं, डाकू, शेरीफ, जळणारी झोपडी, बारा मिनिटांत सगळा खेळ. आठवड्याला दोन. त्यांना खरोखर घोड्यावर बसता येणारी माणसं लागतात, म्हणून आपल्यासारखे पाचसहा जण इथे गोळा झालेत. गुरं राखून जे जमलं नाही ते मरून जमतंय.

गंमत ऐक. सकाळी मी घोडेचोर असतो. दुपारी दाढी चिकटवून, दुसरी हॅट घालून त्याच घोडेचोराचा पाठलाग करणाऱ्या टोळीत असतो. म्हणजे मी माझ्याच मागे धावतो आणि बऱ्याचदा मला पकडतो. चित्र बघणाऱ्या एकाच्याही हे ध्यानात येत नाही.

पण मी पत्र त्यासाठी लिहीत नाहीये. मला माफी मंडळाचा कागद आला. तुझा सुटकेचा अर्ज चौदा ऑक्टोबरला त्यांच्यापुढे येणार आहे. त्यांनी विचारलंय, की सप्टेंबर १९०१ मध्ये पेयो नावाच्या मेंढपाळाला गोळी घालताना मी माझ्या भावाला पाहिलं, ही साक्ष मला आजही मान्य आहे का. खाली उत्तराला जागा आणि सहीला रेघ.

मला ती मान्य आहे, एबेन. हे मी तुला आधीच सांगून टाकतो, म्हणजे मागाहून पाठीत सुरा खुपसला असं तू म्हणायला नको. मी पाण्याच्या अलीकडच्या काठावर होतो, तू पलीकडच्या उंचवट्यावर उभा होतास. पेयोची मेंढरं आपल्या पाणवठ्यावर उतरत होती आणि दोनच दिवसांपूर्वी तू चारचौघांत त्याला धमकावलं होतंस. मी पाहिलं ते सांगितलं. तू आत गेलास याचं मला वाईट वाटतं, पण खोटं बोलल्याचं वाईट वाटायचं कारण नाही.

उत्तर दिलं नाहीस तरी चालेल.

लायमन


१६ जून

एबेन,

सही अजून केलेली नाही. घाई काय आहे? ऑक्टोबर लांब आहे.

इथला दिग्दर्शक हॅलम म्हणून आहे. आडदांड माणूस, न्यूयॉर्कचा, घोड्याला घाबरतो. त्याला दर आठवड्याला दोन गोष्टी लागतात आणि त्याच्या डोक्यातल्या कधीच संपल्या. म्हणून जेवणाच्या वेळी बीन्सच्या थाळ्या घेऊन आम्ही बसलो की तो येऊन विचारतो, “काय रे, तुमच्यापैकी कुणी खरोखर काही पाहिलंय का? की सगळे नुसतेच धुळीत लोळलात?”

बुधवारी मी बोलून गेलो. का, ते मला विचारू नकोस. “आमच्या भागात दोन भाऊ होते,” असं म्हणून सांगितली. पाणवठा, मेंढपाळ, उंचवट्यावरचा माणूस आणि भावाविरुद्ध साक्ष देणारा भाऊ. नावं बदलली. हॅलमचे डोळे लकाकले. म्हणाला, “वा! पण त्या साक्षीदाराला कळलं कसं तो भाऊच आहे म्हणून? अंतर किती?”

मी म्हटलं, “दोनशे पावलं. पण त्याची हॅट निराळी होती. एका बाजूची कड वर दुमडून टाचलेली, आणि भोवती पांढऱ्या घोडकेसांची पट्टी. त्या भागात तशी दुसरी नव्हती.”

“बस्स, बस्स! हॅटच पाहिजे. नेटी, अशी हॅट कर.”

नेटी म्हणजे आमची कपड्यांची बाई. विधवा आहे, तोंडाची तिखट, हाताची कुशल. तिनं एका दिवसात तुझी हॅट बनवली, एबेन. हुबेहूब. तिनं ती पेटीतून काढली तेव्हा मी दोन पावलं मागे सरकलो. ती म्हणाली, “चावत नाही ती.”

हॅटीवरून आठवलं. आपल्या म्हाताऱ्या बापाची गवती हॅट खेचरानं खाल्ली होती, आठवतं? कुंपणावर ठेवली आणि वळून बघतो तर नुसती कड उरलेली. मग आठवडाभर तो बोडक्यानं फिरत होता आणि खेचराला शिव्या घालत होता. तू आणि मी गोठ्यामागे जाऊन पोट धरून हसलो होतो. त्या १९०१ सालात आपण एकत्र हसलो ते तेवढंच असेल. माझ्या घोड्यावरून आपलं बोलणं वसंतातच बंद झालं होतं, नाही का?

लायमन


३० जून

एबेन,

माझं डोकं ठिकाणावर नाही. झालं तसं लिहितो, तुला अर्थ लागला तर मला कळव.

बुधवारी आपलं चित्र घेतलं. आपलं म्हणजे हॅलमचं. उंचवट्यावरचा खुनी मीच. साक्षीदार भावाचं काम मुख्य नटाकडे, तो गोरा, लोणी लावल्यासारखा. मी हॅलमला म्हटलं, जसं घडलं तसंच घ्यायचं तर खुनी पश्चिमेला उभा करा, साक्षीदार पूर्वेला, आणि वेळ संध्याकाळची. हॅलम म्हणाला ठीक. पण कॅमेरावाला रास्मुस अडून बसला. डेन्मार्कचा आहे, आठवड्यातून चार वाक्यं बोलतो. त्यातली तीन तेव्हाच बोलला.

“सूर्यासमोर कॅमेरा लावणार नाही. सूर्य नेहमी माझ्या पाठीशी पाहिजे. नाहीतर वरचा माणूस काळ्या कागदातून कापल्यासारखा दिसेल, तोंड दिसणार नाही.”

मी चिडलो. म्हटलं, “पण ते तसंच घडलं! सूर्य त्याच्यामागेच होता.”

रास्मुसनं माझ्याकडे पाहिलं. “मग बघणाऱ्याला तोंड दिसलं नाही.”

“दिसलं.”

“हॅट दिसली,” तो म्हणाला आणि कॅमेरा उचलून पलीकडे नेला.

हॅलमला कशाचंच सोयरसुतक नव्हतं. “अरे, हॅट दिसली की झालं! लोक हॅटच ओळखतात. उद्या हॅटीखाली माझी सासू उभी केली तरी लोक खुनी म्हणूनच आरडाओरडा करतील.”

सगळे हसले. मीही हसलो. मग खुनी होऊन गोळी घातली, दुपारी दाढी लावून स्वतःचा पाठलाग केला, ओढ्यावर घोड्याला पाणी पाजलं, आणि दिवस संपला. पण ते डोक्यातून जाईना. म्हटलं, हातच्या कांकणाला आरसा कशाला, बघूनच घेऊ.

शुक्रवारी काम आटोपल्यावर, उन्हं कलली असताना, मी नेटीला म्हटलं, “बाई, एक काम करा. ही हॅट घाला आणि त्या उंचवट्यावर जाऊन उभ्या राहा.”

“कशाला? मला मारणार आहेस का?”

“मेहरबानी करा.”

ती गेली. घागरा आवरत, मला नावं ठेवत चढली. मी दोनशे पावलं मोजून पूर्वेला उभा राहिलो. सूर्य तिच्यामागे आला. एबेन, मला तू दिसलास. नेटी माझ्या खांद्याला लागते, अंगानं भरलेली आहे, तिचे केस खाली सुटलेले होते. तरी मला तूच दिसलास, तुझी हनुवटीसुद्धा. मी डोळे चोळून पुन्हा पाहिलं, पुन्हा तूच. तिनं हात हलवला तरी तूच हात हलवलास.

ती खाली आली आणि म्हणाली, “काय झालं रे? पांढराफटक का पडलास?”

आता मला सांग, याचा अर्थ काय? तू नव्हतास असा होतो का? मुळीच नाही. तूही असू शकतोस. हॅट तुझीच होती. कोर्टात तू एवढंच म्हणालास की वारा होता म्हणून हॅट घरात खुंटीवर ठेवून रुमाल बांधून उत्तरेच्या कुंपणाकडे गेलो होतो. आणि तू आलास तेव्हा खरंच डोक्याला रुमाल होता. सरकारी वकील म्हणाला, हॅट लपवून आला. ती तर दुसऱ्या दिवशी खुंटीवरच होती. हे मी तेव्हा सांगितलं नाही. मला कुणी विचारलं नाही, एवढंच.

मला काही कळेनासं झालंय.

लायमन


२८ जुलै

एबेन,

मागच्या पत्रातलं ते ‘कुणी विचारलं नाही’चं वाक्य खोडून टाक. मला कुणी विचारलं नाही म्हणून मी गप्प बसलो हे खरं नाही. मला सांगायचं नव्हतं म्हणून मी गप्प बसलो. तू माझा तांबडा घोडा मला न विचारता विकलास. म्हाताऱ्यानं पाणवठा तुझ्या एकट्याच्या नावावर करायचं ठरवलं. मी पाच महिने तुझ्याशी बोललो नव्हतो. उंचवट्यावर ती हॅट दिसली तेव्हा मला धक्का बसला, पण आतून कुठेतरी असंही वाटलं की चला, आता सगळ्यांना कळेल हा कसा आहे. तो तू असावास असं मला वाटत होतं. हे लिहिताना लाज वाटते, पण लिहिलं.

पाणवठा पुढे माझ्या नावावर झाला. म्हातारा गेल्यावर मी तो विकला, हे तुला कुणी कळवलं का? मी तर नाही कळवलं.

ते चित्र मी पाहिलं. बघताना डोक्याचा भुगा झाला. साक्षीदार भावाला शेवटी कळतं की खुनी कुणी परका डाकूच होता, त्यानं हॅट चोरलेली होती. मग दोघे भाऊ झाडाखाली गळ्यात पडतात. परक्या डाकूचं ते हॅलमनं नंतर पडद्यावरच्या मजकुराच्या पाट्यांवर लिहून घातलं, घेताना तसं काहीच नव्हतं. त्या मिठीच्या वेळी तो गोरा नट भाऊ झालेल्या दुसऱ्या नटाच्या कानात “माझ्या पायावरून उतर” असं म्हणत होता, मी तिथेच उभा होतो. आणि तरी थिएटरात माझ्या डोळ्यांत पाणी आलं. शेजारची म्हातारी मला म्हणाली, “जाऊ द्या हो, शेवट गोड झाला ना?”

आता आठवायला बसलो तर मला पेयो पडताना दिसतो तो पडद्यावरचाच. उंचवटा दिसतो तो इथलाच, अल्डरचा. आपल्या नेवाडातला खरा उंचवटा कसा होता? त्यावर झाड होतं का? मी कोर्टात झाड होतं म्हणालो की नव्हतं म्हणालो?

एक गोष्ट मात्र चित्रात नाही, म्हणून ती माझीच असणार. मी त्या संध्याकाळी घोडा पळवत घरी आलो. म्हातारा अंगणात पंपापाशी हात धूत होता. बोडका. मी घोड्यावरून उतरायच्या आत, तोंडातून शब्द काढायच्या आत तो म्हणाला, “एबेनच होता ना रे?” मी म्हटलं, “हो.” तो म्हणाला, “मग पाहिलंस तेवढंच सांग, जास्त काही नको.”

मी अजून काहीच सांगितलं नव्हतं, एबेन. त्याला काय माहीत?

ही पत्रं तुझ्याआधी तिथला साहेब वाचतो, म्हणून एकच विचारतो. खेचरानं हॅट खाल्ली, ती कुठल्या आठवड्यात?

लायमन


२२ सप्टेंबर

एबेन,

तुझं पत्र मिळालं. सहा ओळी. मी त्या इतक्यांदा वाचल्या की कागद घडीवर फाटला. तरी पुन्हा खाली उतरवतो, म्हणजे मला काही चुकीचं दिसत नाहीये ना, ते तू तपासशील. माझ्या डोळ्यांवर माझा आता भरवसा नाही.

“लायमन, सप्टेंबरातल्या कामगार दिनाला पाद्र्यानं आम्हांला चित्रं दाखवली. त्यात तुझं होतं. वर उभ्या माणसाच्या डोक्यावरची हॅट माझी होती, पण खाली तू होतास. नंतर दाढीवाल्या टोळीत पाठमोरा उभा होतास तोही तूच. घोड्याला पाणी पाजायच्या आधी तू अजून ओंजळीत घेऊन स्वतः चाखून बघतोस. खेचराचं कुणाला लिहू नकोस. एबेन.”

ती सवय मला आहे हेच मला माहीत नव्हतं. आपल्याकडे खारं, विषारी पाणी असायचं, म्हणून तूच मला लहानपणी शिकवलं होतंस, जनावराच्या आधी आपण चाखायचं. इथलं ओढ्याचं पाणी साखरेसारखं गोड आहे, चाखायची काही गरज नाही. हॅलमनं त्या दिवशी ओरडूनही सांगितलं होतं, “अरे, शेरीफची माणसं पाणी चाखत नाहीत!” मी ऐकलं नसणार.

अकरा वर्षांनी, खोटी दाढी, दुसऱ्याची हॅट, पाठमोरा, राखाडी पडद्यावर, आणि तू मला ओळखलंस. मी तुला भर उजेडात दोनशे पावलांवर ओळखलं नाही. बावीस वर्षं एका छपराखाली झोपलो होतो आपण! हे वाचून मी नेटीच्या कपड्यांच्या पेटीवर बसलो आणि रडलो. ती म्हणाली, “कुणी गेलं का?” मी म्हटलं, “नाही, कुणीतरी आहे.” तिनं मला एक रुमाल दिला, तोही डाकूचाच होता.

पण खेचराचं का लिहू नको? तेच तर तुला बाहेर काढेल. मी ते मंडळाला लिहिलं, पंपापाशी काय ऐकलं तेही लिहिलं, तर चौदा तारखेला तू नक्की सुटशील. नाही लिहिलं तर माझ्या हातात काय उरतं? मला तोंड दिसलं नव्हतं, एवढंच. अकरा वर्षांनी भावानं फिरवलेल्या साक्षीवर कोण विश्वास ठेवेल? म्हणजे तुला ते पहिल्यापासून माहीत होतं? कोर्टात उभा असताना, मी बोट दाखवलं तेव्हासुद्धा? आपलेच दात आणि आपलेच ओठ, हे मला कळतं. पण जो मातीखाली आहे त्याला आता काय होणार आहे? आणि तू तर अजून आत आहेस.

मला समजत नाही. रागवायचं तरी कुणावर, तेही समजत नाही.

लायमन


६ ऑक्टोबर

एबेन,

कागद आज टपालात टाकला. काय लिहिलं ते तुला माहीत असावं म्हणून शब्दन् शब्द देतो.

“मी तेव्हा शपथेवर सांगितलं की उंचवट्यावर मी माझ्या भावाला पाहिलं. मी भावाला पाहिलं नव्हतं. सूर्य त्या माणसाच्या पाठीशी होता आणि मला त्याचं तोंड दिसलं नाही. मी एक हॅट पाहिली. ती हॅट घरात खुंटीवर असायची आणि घरात येणाऱ्याजाणाऱ्या कुणाच्याही हाताला लागेल अशी होती. दुसऱ्या दिवशी ती खुंटीवरच होती, हे मी तेव्हा लपवलं. माझं भावाशी भांडण होतं. तो निर्दोष आहे की नाही हे मी सांगू शकत नाही. मी फक्त एवढं सांगू शकतो की मला माहीत नव्हतं, आणि मला माहीत आहे असं मी म्हणालो.”

खाली सही केली. रास्मुसनं साक्षीदार म्हणून सही केली आणि आपणहून एक ओळ जोडली, की सूर्यासमोरच्या माणसाचं तोंड दिसत नाही, हे तो वीस वर्षांच्या कामावरून सांगतो. एवढं लांब वाक्य त्याच्याकडून कुणीच ऐकलेलं नाही.

खेचराचं लिहिलं नाही. तीनदा लिहिलं आणि तीनदा फाडलं. तू सांगितलंस म्हणून. ते बरोबर केलं की चूक, मला अजून कळत नाही. हे वाचून ते मला तुरुंगात घालणार असतील तर घालू देत. तुला उत्तर द्यायला तरी सोपं पडेल, शेजारच्या कोठडीतून.

लायमन


२७ ऑक्टोबर

एबेन,

मंडळाचं पत्र आलं. तुला नऊ नोव्हेंबरला सोडणार, सकाळी. मी ते नेटीकडून वाचून घेतलं, मग रास्मुसकडून, मग हॅलमकडून. तिघांनीही तेच वाचलं. हॅलम म्हणाला, “अरे लायमन, याचं चित्र होईल!” नेटीनं त्याच्या तोंडावर कपड्यांचा ब्रश फेकला.

खोट्या साक्षीबद्दल मला खटल्यात ओढायचं की नाही ते सरकारी वकील बघणार आहे म्हणे. बघू दे.

मी आठ तारखेलाच तिथे पोचेन. नवा कोट घेतलाय तुझ्यासाठी. मापाचा अंदाज नव्हता, नेटी म्हणाली, “भावाचं माप माहीत नाही?” हॅट घेतली नाही. ती तू स्वतः निवड. ती बनवलेली हॅट नेटीनं पेटीतून काढून समोर धरली होती, “ही नेतोस?” म्हणून. मी नको म्हटलं. तिनं टाचलेली कड सोडवली, घोडकेसांची पट्टी उसवली, आणि आता ती कुणाचीही हॅट आहे. कालच्या चित्रात ती पाद्र्याच्या डोक्यावर होती.

बाकीचं बोलायचं ते तोंडी. म्हाताऱ्याबद्दल तू बोललास तर ऐकेन, नाही बोललास तर विचारणार नाही. अगदी खरं सांगायचं तर एकदा विचारेन.

एक भीती आहे, ती आताच सांगून टाकतो. तिथे दारातून त्या सकाळी चारपाच जण बाहेर येतील, म्हणतात. सगळ्यांना एकसारखे कपडे देतात. तुझे केस पांढरे झाले असतील, तू वाळला असशील, तुझ्या डोक्यावर काहीच नसेल. मी रस्त्याच्या पलीकडे, घोड्यांच्या पाण्याच्या हौदापाशी उभा राहीन. मला तू ओळखू येशील की नाही, खात्री देता येत नाही. तेव्हा मी हाक मारली नाही तर रागावू नकोस.

हौदात हात घालून पाणी चाखत असेल, तो मी.

लायमन